‘स्पष्टवक्ता’ यांना उत्तर: पाकिटातला पासपोर्ट आणि प्रामाणिक माणूस

स्पष्टवक्ते महोदय,

‘पाकिटातला पासपोर्ट’ या माझ्या लेखाखाली परवा रात्री एक वाजून वीस मिनिटांनी तुम्ही प्रतिक्रिया टाकलीत. मी तेव्हाच उत्तर लिहायला बसलो होतो, पण बायको म्हणाली, आत्ता नको, उद्या लिही. उद्याचा परवा झाला. राग बराचसा निवला आहे, सगळा नाही. तेव्हा एखादा शब्द कडक लागला तर चालवून घ्या. तुमचे आम्ही चालवून घेतलेच की.

मूळ लेख ज्यांनी वाचला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. अमेरिकेचं परराष्ट्र खातं पासपोर्टच्या पुस्तकाबरोबर, किंवा नुसतंही, क्रेडिट कार्डाएवढं पासपोर्ट कार्ड देतं. २००८ पासून देतं. कॅनडा, मेक्सिको, बर्म्युडा आणि कॅरिबियन बेटं इथून रस्त्याने किंवा जहाजाने परत येताना ते चालतं, आणि देशातल्या देशात विमानाने जाताना ओळखपत्र म्हणूनही चालतं. नव्याने नागरिक झालेल्या आपल्या लोकांनी ते का आणि कसं काढावं, एवढाच लेखाचा विषय होता.

त्यावर तुमचे आक्षेप असे. फीचा आकडा चुकला. परदेशी विमानप्रवासाला कार्ड चालत नाही ही गोष्ट मी तळाला एका ओळीत उरकली, आणि त्यापायी तुमचे मेव्हणे कॅनकूनला निघालेले विमानतळावरून परत आले. मिशिगनमध्ये राहून मी एनहान्स्ड लायसन्सचं, म्हणजे सीमेवर नागरिकत्वाचा पुरावा म्हणूनही चालणाऱ्या ड्रायव्हिंग लायसन्सचं, नाव काढलं नाही. कार्डातली चिप लांबून वाचता येते. आणि शेवटी हे: ‘प्रामाणिक माणसाला नागरिकत्व खिशात घालून फिरावं लागत नाही, तुमच्यासारख्या घाबरट लोकांनीच ही सवय लावली आहे!!!’ तीन उद्गारचिन्हं तुमची.

आधी फी. चूक माझीच. पुस्तक आणि कार्ड एकाच डीएस-११ अर्जावर (पहिल्यांदा पासपोर्ट काढताना भरायचा तो) मागितलं तर पुस्तकाचे १३० आणि कार्डाचे ३० असे १६० डॉलर परराष्ट्र खात्याच्या नावाने द्यायचे, आणि अर्ज स्वीकारणाऱ्या कार्यालयाचे ३५ वेगळे. हे ३५ एकदाच लागतात. मी ते पुस्तकाचे एकदा आणि कार्डाचे एकदा असे धरून २३० लिहिले होते. बरोबर आकडा १९५. नुसतं कार्ड पहिल्यांदा काढलं तर ६५. लेखात दुरुस्ती केली आहे आणि चूक दाखवल्याबद्दल मनापासून आभार. मात्र त्यासाठी ‘साधी बेरीज येत नाही’ असं म्हणायची गरज नव्हती. बेरीज बरोबरच होती, एक रक्कम दोनदा धरली गेली होती. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

आता ते वाक्य.

प्रामाणिक माणसाचं म्हणाल, तर मी एक जवळून पाहिला आहे. माझे वडील कराडला सरकारी कचेरीत कारकून होते. एकतीस वर्षं नोकरी केली, टेबलाखालून कधी चहासुद्धा घेतला नाही. हा माणूस गावाबाहेर पाऊल टाकताना रेशनकार्ड बरोबर घ्यायचा. दुधाच्या पिशवीत गुंडाळलेलं, वरून रबरबँड, शर्टाच्या आतल्या खिशात. एकदा मी विचारलं होतं की आपण कुठे चोर आहोत? ते म्हणाले, ‘चोराला कोण कागद विचारतो? कागद आपल्यालाच विचारतात.’ बँकेत, गॅसच्या दुकानात, माझ्या कॉलेजच्या प्रवेशाला, सगळीकडे ते रेशनकार्ड पुढे यायचं. खिडकीच्या दोन्ही बाजूंना बसून झालेलं होतं त्यांचं. तुमच्या हिशेबाने तेही घाबरट असणार.

मी १९९८ साली इकडे आलो. ग्रीन कार्ड मिळालं तेव्हा वकिलाने पहिली गोष्ट सांगितली ती ही, की कार्ड कायम जवळ ठेव. ही त्याची हौस नव्हे. इमिग्रेशन अँड नॅशनॅलिटी ॲक्टच्या कलम २६४(ई) प्रमाणे अठरा वर्षांवरच्या कायम रहिवाशाने ते कार्ड सतत बाळगायचं असतं. म्हणजे ही सवय मला कुणी घाबरटाने नाही लावली, कायद्याने लावली. दूध आणायला जातानाही ते पाकिटात असायचं.

मग २०११ मध्ये नागरिकत्वाची शपथ झाली. हॉलच्या दारातच टेबल होतं, तिथे ग्रीन कार्ड काढून घेतलं. बाहेर पडताना हातात काय? नॅचरलायझेशन सर्टिफिकेट. पाकिटात मावेल असा कागद नव्हे तो, आणि घडी घालायची तर जीव होत नाही. हरवला तर नवा काढायला पाचशे डॉलरच्या वर फी. त्याच्यावर छापलेलं असतं की कायदेशीर अधिकाराशिवाय याची प्रत काढणं गुन्हा आहे; आणि पासपोर्टच्या अर्जाला मूळ सर्टिफिकेटबरोबर त्याचीच झेरॉक्स मागतात! (हे कायदेशीर कामच आहे, काढा बिनधास्त. पण पहिल्यांदा ते वाचून मी लायब्ररीतल्या झेरॉक्स मशीनसमोर दहा मिनिटं उभा होतो. घ्या, घाबरटपणाचा आणखी एक पुरावा आयताच.)

त्या अर्जाला मूळ सर्टिफिकेट पाकिटात घालून पाठवावं लागतं. ते नंतर वेगळ्या टपालाने परत येतं. तेव्हा पाच आठवडे माझ्याजवळ ग्रीन कार्ड नव्हतं, सर्टिफिकेट नव्हतं आणि पासपोर्टही नव्हता. होतं फक्त ड्रायव्हिंग लायसन्स. आणि साधं लायसन्स नागरिकत्वाबद्दल एक अक्षर बोलत नाही. ७ मे २०२५ पासून विमानतळावर ज्या रिअल आयडीची, म्हणजे केंद्र सरकारच्या निकषांप्रमाणे काढलेल्या लायसन्सची, सक्ती सुरू झाली, तो कोपऱ्यात चांदणी असलेला, तोही बोलत नाही. ती चांदणी एच-१बी वर, म्हणजे नोकरीच्या तात्पुरत्या व्हिसावर, आलेल्यालाही मिळते, ग्रीन कार्डवाल्यालाही मिळते. आपल्या मंडळातल्या निम्म्या लोकांना अजून वाटतं की चांदणी म्हणजे नागरिक. तुमचाही तोच समज असावा अशी मला शंका आहे, पण तुम्ही तसं लिहिलेलं नाही, म्हणून सोडून देतो.

आता ज्यामुळे मी कार्ड काढलं तो प्रसंग. लेखात मुद्दाम लिहिला नव्हता, घरातली गोष्ट चव्हाट्यावर कशाला म्हणून. पण तुम्ही ‘घाबरट’ म्हणालात, तर ऐकाच.

२०१३ ची दिवाळी. कॅनडात मिसिसागाला मित्राकडे फराळाला गेलो होतो, मी, बायको आणि नऊ वर्षांचा मुलगा. रविवारी रात्री परत निघालो. सीमेवर गाड्यांच्या रांगेत उभे असताना बायकोला आठवलं की पासपोर्टांची पिशवी मित्राच्या सोफ्यावर राहिली. मागे वळायला जागा नव्हती. नाक्याचं नाव लिहीत नाही, त्यांची काही चूक नव्हती. खिडकीतल्या माणसाने विचारलं, नागरिकत्व कुठलं? म्हटलं, अमेरिकेचं. पुरावा? मी लायसन्स दिलं. त्याने ते बघितलं, मला बघितलं, आणि गाडी बाजूला घ्यायला सांगितली. पावणेदोन तास आत बसलो. कुणी वाईट बोललं नाही, एकाने मुलाला पाणी आणून दिलं. कुठे जन्मलात, शपथ कुठे घेतलीत, कोणत्या महिन्यात, आधीचं नाव काय, वडिलांचं नाव मधे आहे की शेवटी, अशी विचारपूस झाली. मराठी माणसाचं तीन पदरी नाव संगणकात सापडायला वेळ लागतो हे मला तिथे कळलं. अखेर सापडलं आणि सोडलं.

गंमत अशी, की मुलाच्या जन्मदाखल्याची प्रत गाडीच्या कप्प्यात होती. सोळा वर्षांखालच्या अमेरिकन मुलाला रस्त्याने परत यायला तेवढी पुरते. म्हणजे तिघांत कागद पुरे असलेला तोच. बाकावर बसल्या बसल्या त्याने विचारलं, ‘बाबा, मी जाऊ शकतो आणि तुम्ही नाही?’ आवाजात काळजी नव्हती, त्याला नुसतं नवल वाटत होतं.

स्पष्टवक्ते, मी अप्रामाणिक होतो का त्या रात्री? खोटं बोललो होतो का? नाही ना? मग तुमचं वाक्य कुठे बसवायचं ते तुम्हीच सांगा. पुढच्या आठवड्यात मी डीएस-८२, म्हणजे टपालाने पाठवायचा पासपोर्टचा अर्ज, भरला. ज्याच्याकडे वयाची सोळा वर्षं झाल्यावर काढलेलं आणि गेल्या पंधरा वर्षांत मिळालेलं पुस्तक आहे, त्याला कार्ड टपालाने मागवता येतं, फक्त अर्जाबरोबर पुस्तक पाठवावं लागतं. (म्हणून भारताचं तिकीट काढलेलं असताना हा उद्योग करू नका. हेही लेखात होतं.) दहा वर्षांचं कार्ड, आजच्या भावाने ३० डॉलर, म्हणजे वर्षाला तीन. आमच्याकडे दिवाळीच्या अनारशांवर याहून जास्त खर्च होतो.

आणि नाव न सांगता, ‘स्पष्टवक्ता’ असा बुरखा घेऊन, रात्री एक वाजता दुसऱ्याला घाबरट म्हणणाऱ्याने धैर्याबद्दल किती बोलावं, हा प्रश्न मी विचारणार नव्हतो. बायकोने खोडायलाही सांगितला होता. पण राहू द्या.

नोकरीचंही सांगून टाकतो. नवी नोकरी लागली की आय-९, म्हणजे इथे काम करायची परवानगी आहे हे दाखवणारा फॉर्म, भरताना साध्या लायसन्सला सोशल सिक्युरिटी कार्डासारखी जोड लागते. पासपोर्ट कार्ड एकटं पुरतं. मी दोनदा हेच दाखवलं, दोन्ही वेळा कंपनीतल्या बाईंनी उलटसुलट करून पाहिलं, कारण त्यांनी हे कार्ड आधी पाहिलेलं नव्हतं. तुमच्यासारख्या जाणकारांनी त्याची जरा कमी चेष्टा केली असती तर कदाचित पाहिलं असतं.

बाकीचे मुद्दे किरकोळ आहेत, भराभर घेतो.

एनहान्स्ड लायसन्स. माहीत आहे, मिशिगनमध्ये मिळतं, रस्त्याच्या सीमेवर कार्डाइतकंच चालतं. पण ते अवघ्या पाच राज्यांत मिळतं: मिशिगन, मिनेसोटा, न्यूयॉर्क, व्हर्मॉन्ट, वॉशिंग्टन. न्यू जर्सी, कॅलिफोर्निया, टेक्सासमधल्या वाचकांनी काय करावं? मी ब्लॉग काय फक्त आमच्या मिशिगनमधल्या ट्रॉय आणि नोव्हायच्या लोकांसाठी लिहितो? २०१३ मध्ये मी स्वतः ते का घेतलं नव्हतं, हा प्रश्न तुम्ही विचाराल. त्याचं उत्तर आळस, पुढे चला.

चिप. आहे. लांबून वाचता येते, म्हणूनच सीमेवर रेडी लेन नावाची वेगळी रांग असते. चिपमध्ये तुमचं नाव-गाव नसतं, फक्त एक क्रमांक असतो, आणि कार्डाबरोबर कव्हर येतं. ते कव्हर फेकू नका, झालं.

कार्ड साध्या टपालाने येतं, पुस्तकासारखं माग काढता येत नाही, हा खरा आक्षेप होता आणि तो तुम्ही घेतलाच नाहीत. आणखी एक, नव्या अर्जदारांसाठी: डीएस-११ वर घरून सही करून जाऊ नका. मी केली होती. आपली तयारीची हौस! खिडकीतल्या बाईंनी कोरा अर्ज हातात ठेवला आणि कोपऱ्यात उभं राहून पुन्हा सगळा भरायला लावला, कारण सही त्यांच्यासमोरच लागते. फोटो दोन इंच बाय दोन इंच, चष्मा काढून.

राहिले तुमचे मेव्हणे. त्यांना त्रास झाला याचं वाईट वाटतं. पण लेख ११०० शब्दांचा होता आणि ती ओळ त्यात होती. कॅनकून असो, टोरोंटो असो की मुंबई, विमानाने परदेशी जायचं तर पुस्तकच लागतं. जहाजाच्या सहलीतून मधेच कुणाला विमानाने परत यायची पाळी आली तरी पुस्तकच लागतं. तिकिटाचे पैसे खर्च करणाऱ्या माणसाने लेख शेवटपर्यंत वाचावा, ही अपेक्षा फार आहे का? बायकोचं म्हणणं पडलं की हो, फार आहे, लोक पहिले दोन परिच्छेद वाचतात आणि अर्ज भरतात, तूही तसंच करतोस, सहीचं आठव.

ती ओळ आता पहिल्या परिच्छेदात घेतली आहे. ठळक केलेली नाही.