निशेल निकोल्स आणि ते 'पहिलं' चुंबन

'टीव्हीवरचं जगातलं पहिलं काळ्या-गोऱ्यांचं चुंबन निशेल निकोल्सचं, आणि पुढे ती अंतराळातही गेली' असा मेसेज परत फिरतोय, तर जरा थांबा. 'स्टार ट्रेक' या अमेरिकी अंतराळ-मालिकेतली लेफ्टनंट उहुरा म्हणजे ही निशेल, चुंबनाचा एपिसोड २२ नोव्हेंबर १९६८ चा, पण ब्रिटनमध्ये आयटीव्ही या चॅनलने १९५९ लाच एका नाटकात असं चुंबन दाखवलं होतं, त्यामुळे 'जगातलं पहिलं' बाद. तरी त्या काळच्या अमेरिकेत हे धाडसाचंच होतं हां, चॅनलवाले इतके टरकले होते की चुंबनाशिवायचाही सीन शूट करायला लावला, आणि निशेलच सांगायची की चुंबन घेणाऱ्या सहकलाकार विल्यम शॅटनरने त्या टेकमध्ये मुद्दाम डोळे तिरळे केले, मग वापरणार काय, कप्पाळ!

अंतराळाचं म्हणाल तर ती गेलीच नाही. १९७७ मध्ये तिने नासासाठी अंतराळवीर भरतीचा प्रचार केला, बायकांनी आणि कृष्णवर्णीयांनी अर्ज करावेत म्हणून, आणि १९७८ च्या बॅचमध्ये सॅली राइड ही बाई आणि गायन ब्लुफर्ड हा कृष्णवर्णीय निवडले गेले. २०१५ मध्ये नासाच्या सोफियातून ती उडाली खरी, पण ते दुर्बीण बसवलेलं विमान, रॉकेट नव्हे.