पंधराव्या वर्षी बेट सोडावं लागतं तेव्हा

जपानमध्ये एका मुलीची शाळा संपेपर्यंत रेल्वेने तिच्यासाठी आख्खं स्टेशन चालू ठेवलं, हा फॉरवर्ड तुम्हालाही येऊन गेला असेल. होक्काइदोमधलं कामी-शिराताकी, २०१६. गोष्ट गोड आहे, पण बरीच फुगवलेली. ती मुलगी शेजारच्या स्टेशनावरून चढायची, आणि स्टेशनं बंद झाली ती मार्चमधल्या नव्या वेळापत्रकाबरोबर. शाळेचं वर्षही तिथे मार्चमध्येच संपतं, त्यामुळे गोष्ट छान जुळून आली इतकंच. याच जपानने २००२ ते २०२० या काळात साडेआठ हजारांहून जास्त सरकारी शाळा बंद केल्या. ते मात्र कुणी फॉरवर्ड करत नाही.

त्यापेक्षा ओकी बेटांवरच्या हायस्कूलची गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते. तीही हल्ली ‘चमत्कार’ म्हणून सांगितली जाते, आणि तिथेच माझं बिनसतं.

ओकी म्हणजे जपानच्या समुद्रातला, शिमाने प्रांतातला द्वीपसमूह. १२२१ मध्ये युद्ध हरल्यावर निवृत्त सम्राट गो-तोबाला इथे हद्दपार केलं होतं, आणि १२३९ मध्ये तो इथेच वारला. माणूस परत येऊ नये म्हणून जिथे पाठवायचे, ती जागा. आजही मुख्य भूमीवरून फेरीबोटीला तीनेक तास लागतात. यातल्या तीन छोट्या वस्तीच्या बेटांना मिळून दोझेन म्हणतात, आणि तिघांत मिळून हायस्कूल एकच : आमा गावातलं ओकी-दोझेन. बाकीच्या दोन बेटांवरची मुलं शाळेत जातात तीही बोटीने.

१९५० च्या सुमारास आमाची लोकसंख्या सात हजारांच्या आसपास होती. आज ती साधारण तेवीसशे आहे. २००८ पर्यंत हायस्कूलचा पट शंभराच्या खाली गेला आणि विलीनीकरणाची कुऱ्हाड दिसायला लागली. पटसंख्या म्हटलं की पुढे काय होतं, हे आपल्याला वेगळं सांगायला नको.

पण बेटावर हे गणित वेगळं चालतं. जपानमध्ये सक्तीचं शिक्षण पंधराव्या वर्षी संपतं, हायस्कूल त्यापुढची तीन वर्षं. बेटावर हायस्कूल नसेल तर पंधरा वर्षांच्या पोराला समुद्रापलीकडे खोली घेऊन ठेवायचं, दर महिन्याला पैसे पाठवायचे, आणि हे तीन वर्षं. दोन-तीन मुलं असतील तर आईबाप साधा हिशोब करतात : आपणच का जाऊ नये? मग मुलाबरोबर आई जाते, धाकटी भावंडं जातात, बापाची होडी विकली जाते. म्हणजे हायस्कूल गेलं की प्राथमिक शाळेचाही पट गळायला लागतो. आणि ज्यांची मुलं अजून जन्मलेलीही नाहीत, ती जोडपी आधीच बेटाबाहेर घर बघतात. शाळेच्या हजेरीपटात हे कुठेच दिसत नाही.

आता यातली खरी गंमत. हे हायस्कूल आमा गावाचं नाहीच. प्राथमिक आणि माध्यमिक शाळा गावाच्या अखत्यारीत, हायस्कूल प्रांताच्या. कायद्याने बघितलं तर आमाच्या नगरपालिकेला ‘आमचा काय संबंध’ म्हणून हात झटकता आले असते. कागदोपत्री ते अगदी बरोबर ठरलं असतं.

त्यांनी ते केलं नाही, आणि तेही गाव स्वतः बुडायच्या बेतात असताना. २००२ मध्ये निवडून आलेले नगराध्यक्ष यामाउची मिचिओ यांनी स्वतःचा पगार निम्म्यावर आणला. कर्मचाऱ्यांनीही कपात स्वीकारली. शेजारच्या गावांशी विलीन व्हायला आमाने नकार दिला. वाचलेल्या पैशातला काही भाग मुलांच्या संगोपनाच्या मदतीकडे वळवला. सोनीतली नोकरी सोडून आलेल्या इवामोतो यू नावाच्या तरुणासारखी बाहेरची माणसंही या कामाला जोडून घेतली. २०१० च्या सुमारास गावानेच चालवलेला एक क्लास सुरू झाला, म्हणजे शहरातल्या खाजगी क्लासची उणीव भरून निघावी. त्याच सुमारास बाहेरची मुलं बोलवायला सुरुवात झाली : तोक्यो-ओसाकातल्या मुलांनी तीन वर्षं इथे वसतिगृहात राहून शिकायचं. पट वाढला. एका इयत्तेला पुन्हा दोन वर्ग झाले, आणि ऱ्हास होत असलेल्या भागात ही फारच दुर्मीळ गोष्ट.

म्हणजे हा चमत्कार नव्हे. कंटाळवाण्या बैठका, पगारकपात आणि तिन्ही बेटांच्या स्थानिक संस्थांनी एकमेकींशी जुळवून घेणं, असं हे सगळं आहे. व्हिडिओत ते येत नाही, कारण ते दाखवायचं कसं?

‘बाहेरची मुलं तीन वर्षांनी निघून जाणार, मग बेटाला काय उपयोग?’ हा आक्षेप मी बऱ्याच ठिकाणी वाचलाय. तो मला फारच कोता वाटतो. बेटावरच्या मुलाचा विचार करा. बालवाडीपासून तीच मूठभर मुलं. कोण हुशार, कोण धांदरट, कोण कुणाला घाबरतं, हे सहाव्या वर्षी ठरलेलं, आणि पंधराव्या वर्षीही तेच. त्या वर्गात अचानक एक अनोळखी मुलगी येऊन बसते आणि विचारते, तुमच्याकडे हे असं का करतात? आजवर कुणी विचारलंच नव्हतं. ‘धांदरट’ मुलाला पहिल्यांदाच कुणीतरी नव्याने ओळखतं. मुख्य फायदा हा आहे. बाहेरून येणाऱ्या प्रत्येक मुलाला गावातलं एक कुटुंब ‘बेटावरचे पालक’ म्हणून जोडून देतात. भातलावणीला बोलावणं, जेवायला बोलावणं, हे त्यातून येतं. मला तरी ही सगळ्या योजनेतली सर्वात शहाणी गोष्ट वाटते, आणि तिला फारसा निधीही लागत नाही.

माझी अडचण पुढची आहे. आमाचं बघून आता देशभरातल्या खेड्यापाड्यांतली सरकारी हायस्कूलं बाहेरची मुलं बोलवायला लागली आहेत. चांगलंच आहे. पण मुलं आणायची कुठून? १९४९ मध्ये जपानमध्ये सुमारे २७ लाख मुलं जन्माला आली होती. २०२४ मध्ये सात लाखांहून कमी. आटत चाललेल्या विहिरीवर प्रत्येक गाव आपला पोहरा सोडतंय. ज्या गावाकडे चांगला छायाचित्रकार आणि चटपटीत माहितीपत्रक आहे, त्याची शाळा वाचेल. ज्या बेटावर यामाउची नाहीत, तिथल्या मुलांनी काय पाप केलंय?

म्हणून आमाचं कौतुक करताना शिमानेच्या आणि तोक्योच्या अधिकाऱ्यांना सुटका मिळू नये असं मला वाटतं. ‘बघा, त्यांनी जमवलं, तुम्हीही जमवा’ हे वाक्य सरकारला फार सोयीचं असतं. शिक्षकांची संख्या वर्गांच्या संख्येवर ठरवायची, मग छोट्या शाळेत एकाच शिक्षकाने अनेक विषय ओढायचे, त्यामुळे मुलं जायची, आणि मग म्हणायचं की पट नाही. हे चक्र गावाने नाही बनवलेलं.

माझ्या मते बेटावरच्या हायस्कूलला पटाचा निकष लावूच नये. बोटीचं वेळापत्रक लावावं. पंधरा वर्षांचं मूल सकाळी दुसऱ्या शाळेत जाऊन रात्रीच्या जेवणाला घरी पोचत असेल, तर खुशाल विलीन करा. पोचत नसेल, तर वर्गात नऊ मुलं असोत नाहीतर एकोणतीस, शाळा राहील आणि गणिताचा शिक्षकही राहील. खर्च वाढेल हे मला कळतं. आज तोच खर्च आईबाप समुद्रापलीकडच्या खोलीच्या भाड्यात भरताहेत, फक्त तो कुणाच्या अंदाजपत्रकात दिसत नाही.