मुंबई गुजरातला गेली ती रात्र

२४ मार्च २०२४ च्या रात्री मुंबई गुजरातला गेली. अण्णा गोळी घेऊन साडेनवालाच झोपले होते, म्हणून निभावलं.

सगळा उद्योग चिरंजीवांचा. अमेरिकेत कॉलेज फुटबॉलचे वेडे म्हणे असा नकाशा रंगवतात. तिथल्या तीन हजारांवर काउंट्या, म्हणजे आपले जिल्हेच, प्रत्येक काउंटी जवळात जवळच्या संघाला द्यायची आणि मग जो हरेल त्याची सगळी जमीन जिंकणाऱ्याच्या नावावर. ना तलाठी, ना फेरफार, एका रात्रीत सातबारा कोरा! चिरंजीवांनी हेच आयपीएलला लावलं. भारताचा जिल्हेवार कोरा नकाशा आणून हॉलमध्ये कॅलेंडरशेजारी चिकटवला आणि पट्टीने अंतरं मोजायला बसला.

पहिली ठिणगी तिथेच पडली. पट्टीच्या हिशेबाने नागपूर मुंबईपेक्षा हैदराबादला जवळ. बायकोचं माहेर नागपूर. ती लाटणं हातात घेऊनच बाहेर आली. "बरोबरच आहे. तुम्हाला आमची आठवण अधिवेशनापुरती." दुसऱ्या दिवशी हैदराबाद कोलकात्याकडून ४ धावांनी हरलं आणि माझी सासुरवाडी जांभळी झाली.

२४ तारखेला अहमदाबादेत मुंबई ६ धावांनी हरली. नशीब, की गुजरातही निळाच. जरा गडद, एवढंच. दोन दिवस अण्णांना पत्ता लागला नाही. २६ ला चेन्नईने गुजरातला ६३ धावांनी धुतलं आणि सकाळी चहा घेताना अण्णांची नजर नकाशावर गेली.

"हे पिवळं काय?"

"आजोबा, मुंबई आता चेन्नईकडे."

"त्यांना कोणी दिली?"

"गुजरातने."

अण्णांनी कप खाली ठेवला. १९५६ साली ते दहा वर्षांचे होते, गिरगावातल्या चाळीत. 'मुंबईसह संयुक्त महाराष्ट्र झालाच पाहिजे' ही घोषणा त्यांना तेराच्या पाढ्याआधी पाठ झाली. "मुंबई मिळवायला १ मे १९६० उजाडला," ते म्हणाले, "आणि हा कार्टा तीन दिवसांत दोनदा घालवतो?"

२७ ला हैदराबाद २७७, मुंबई २४६. एका सामन्यात ५२३ धावा, आयपीएलमधला तोवरचा विक्रम. नकाशावर मात्र गुंठाभरही हललं नाही, कारण दोघेही भूमिहीन. एवढी हाणामारी कशासाठी, ते अण्णांना शेवटपर्यंत कळलं नाही. खरं तर मलाही.

३१ ला दिल्लीने चेन्नईला हरवलं.

"दिल्ली?" अण्णा उभेच राहिले. "मुंबई केंद्रशासित करायचा बेत नेहरूंनी तेव्हाच केला होता. त्यापायी चिंतामणरावांनी अर्थमंत्रिपद सोडलं!"

"कोण चिंतामणराव?"

"देशमुख!"

"कुठल्या संघातून खेळायचे?"

त्या दिवशी अण्णा जेवले नाहीत.

३ एप्रिलला मुंबई कोलकात्याकडे, ८ ला परत चेन्नईकडे. ७ ला आपण दिल्लीला आणि ११ ला बंगळुरूला हरवलं, पण तेव्हा त्यांच्याकडेही जमीन नव्हती. रिकाम्या घरात चोरी. मूळची मुंबई नकाशावर ज्वारीच्या दाण्याएवढी, त्यात रोजची खोडाखोड. शेवटी खोडरबर आरपार गेला.

१४ एप्रिल, वानखेडे, समोर चेन्नई. चिरंजीवांनी हिशेब मांडला: आज जिंकलो तर मुंबई परत, वर चेन्नई, बंगळुरू, अहमदाबाद, हैदराबाद, कोलकाता, दिल्ली, पंजाब. फक्त राजस्थान आणि लखनौ उरतात. नागपूर येतंय म्हटल्यावर बायकोनेही कुकर बंद केला.

"म्हणजे अटकेपार?" अण्णा खुर्ची टीव्हीजवळ ओढत म्हणाले.

"अटक दुसऱ्या लीगमध्ये येतं, आजोबा."

चेन्नईच्या डावाचे शेवटचे चार चेंडू राहिले असताना धोनी आला. तीन षटकार, वर दोन धावा. चार चेंडूंत वीस. मग रोहितने नाबाद १०५ केले आणि मुंबई हरली. किती धावांनी? वीस. अण्णा बराच वेळ बोटांवर काहीतरी मोजत होते.

चिरंजीव सवयीने पेन्सिल घेऊन उठला आणि परत बसला. रंगवायला काही नव्हतंच. अण्णा उठून नकाशापाशी गेले, चष्मा वर करून मुंबईच्या जागचं भोक न्याहाळलं. त्यातून आमच्या भिंतीचा निळा डिस्टेंपर दिसत होता.

"निळीच आहे की," ते म्हणाले आणि गोळी घ्यायला आत गेले.