ऑलिव्हिया कोलमन रातोरात स्टार झाली म्हणे!

व्हॉट्सॲपवर तो मोटिव्हेशनल मेसेज परत फिरतोय. ब्रिटिश अभिनेत्री ऑलिव्हिया कोलमन म्हणे लोकांच्या घरी साफसफाई करायची, कुत्रं विचारत नव्हतं, फार तर कॉमेडीत एखादा साइड रोल, मग पंचेचाळिशीत एक सिनेमा मिळाला आणि डायरेक्ट ऑस्कर, त्या ऑस्करमुळेच 'द क्राऊन' सिरीजमधली राणी एलिझाबेथ मिळाली, सबब तुम्हीही हिंमत सोडू नका. खाली हात जोडलेले इमोजी.

साफसफाई खरी आहे. २०१९ ला ऑस्कर घेताना तिनंच सांगितलं, आणि ते काम मला आवडायचं असंही म्हणाली, ते मात्र मेसेजवाल्यांनी गाळलं कारण मग रडारड होत नाही ना. पण ते पंचेचाळिशीपर्यंत चालू नव्हतं हो. केंब्रिजला शिक्षिका व्हायला गेलेली मुलगी, तिथे फूटलाइट्स या नाटकवाल्या पोरांच्या ग्रुपमध्ये डेव्हिड मिचेल आणि रॉबर्ट वेब भेटले, पुढे ब्रिस्टलच्या ओल्ड विक थिएटर स्कूलमधून १९९९ ला रीतसर शिकून बाहेर पडली, आणि २००३ पासून त्याच दोघांबरोबर 'पीप शो' ही टीव्ही कॉमेडी. ऑस्करच्या १६ वर्षं आधी!

कुत्रं विचारत नव्हतं? २०१३ ला एकाच रात्री दोन टीव्ही बाफ्टा, म्हणजे ब्रिटनचे टीव्हीचे मोठे पुरस्कार, घेतले बाईनं, एक लंडन ऑलिम्पिकच्या आयोजकांची टर उडवणाऱ्या 'ट्वेंटी ट्वेल्व्ह'साठी कॉमेडीचा आणि दुसरा 'अक्यूज्ड'मधल्या गंभीर कामासाठी. पुढच्या वर्षी 'ब्रॉडचर्च'साठी थेट मुख्य अभिनेत्रीचा. भारतात आपल्याला उशिरा कळली, तो आपला प्रश्न.

आता ते 'कॉमेडीत साइड रोल'. यावर जरा थांबतो कारण इथेच डोकं फिरतं. 'पीप शो'त कॅमेरा पात्रांच्या डोळ्यांतून बघतो, म्हणजे समोरच्या नटाशी नाही तर थेट लेन्सशी बोलायचं, त्यात प्रेम, वैताग, खोटं हसू सगळं दाखवायचं, आणि ते करून तिची सोफी खरी वाटते. 'ब्रॉडचर्च'मधली एली मिलर घ्या, छोट्या गावातली पोलीसबाई, तिच्याच मुलाच्या मित्राचा खून झालाय आणि संशयित म्हणजे सगळे ओळखीचे. पहिल्या सीझनच्या शेवटी तिला खुनी कळतो (नाव सांगत नाही, बघितलं नसेल तर आधी बघा) तेव्हा ती जे करते ते बघून मी लॅपटॉप बंद करून ठेवला होता. आणि 'फ्लीबॅग'मधली ती गॉडमदर! गोड हसत हसत असा टोमणा मारते की समोरच्याला घरी गेल्यावर कळावं. हे सगळं त्या ऑस्करच्या सिनेमाच्या आधीचं, फक्त 'फ्लीबॅग'चा दुसरा सीझन नंतरचा.

बरं, एकच सिनेमा म्हणाल तर २०११ चा 'टायरनोसॉर' पण आहे, बघायला जड जातो, पण बघा.

आणि राणी ऑस्करमुळे मिळाली हे तर तारखांतच बसत नाही. 'द क्राऊन'साठी तिचं नाव २०१७ च्या ऑक्टोबरमध्ये जाहीर झालं, ऑस्करवाला सिनेमा 'द फेव्हरिट' पहिल्यांदा लोकांनी बघितला २०१८ मध्ये. उलट राणी करताना वेगळीच पंचाईत, बाईला पटकन रडू येतं आणि राणीनं तर रडायचं नाही, मग इमोशनल सीनला म्हणे कानात इयरपीस घालून रेडिओवरचं जहाजांसाठीचं हवामान वृत्त लावायचे!

'द नाइट मॅनेजर' या हेरगिरीच्या सिरीजचं पण ऐका. कादंबरीत तो गुप्तहेर खात्यातला अधिकारी पुरुष आहे, सिरीजसाठी त्याची बाई केली, आणि कोलमन तेव्हा खरंच प्रेग्नंट होती तर ते लपवत बसण्यापेक्षा पात्रच प्रेग्नंट करून टाकलं. या कामाला २०१७ ला गोल्डन ग्लोब मिळाला. २०२३ च्या हिंदी रिमेकमध्ये तिलोत्तमा शोम पोट घेऊन फिरते ना, ते तिथून आलंय.

सिनेमा म्हणजे मंझिल आणि टीव्ही म्हणजे धडपड, हा मेसेजवाल्यांचा हिशोब, तिचा नाही. ऑस्करनंतर 'लँडस्केपर्स'मध्ये नवऱ्यानं लिहिलेल्या स्क्रिप्टवर खुनाच्या खटल्यातली खरी बाई केली, 'हार्टस्टॉपर'मध्ये शाळकरी पोराची आई, मोजकेच सीन. 'द बेअर' सिरीजमधल्या तिच्या शेफ टेरीचा तर पहिला सीन मशरूम सोलत गप्पा मारायचा, तेवढ्यात सगळा एपिसोड खिशात घालते.