सहीला कधी येऊ?

वडील गेले त्याला या महिन्यात वर्ष होईल. परवा धाकट्या बहिणीचा फोन आला. वर्षश्राद्धाचं बोलणं झालं आणि ती म्हणाली, "दादा, हक्कसोडीच्या सहीला कधी येऊ? तेवढी रजा टाकते." मी तिच्याकडे काहीच मागितलं नव्हतं. वडिलांच्या रानातला आपला हिस्सा भावाला सोडल्याची सही बहिणीनं द्यायचीच असते, हे तिनं धरूनच ठेवलं होतं. तेव्हापासून मला चैन नाही.

मी सातवीत असताना दोन्ही आत्यांना जीपनं तालुक्याला नेलं होतं. मीही सोबत होतो. मोठ्या आत्यानं अंगठा दिला, धाकटीनं सही केली, येताना दोघींना साड्या घेतल्या. कागदावर 'स्वखुशीने' लिहिलेलं होतं. पुढे धाकट्या आत्याला नवऱ्यानं घराबाहेर काढलं, तेव्हा ती आमच्याकडे चार महिने राहिली. दिवसभर राबायची आणि सगळ्यांची जेवणं झाली की मग ताट घ्यायची. ज्वारी आमच्याच रानातली होती. त्या रानात तिचा हिस्सा होता, हे घरात कुणीही बोललं नाही. मीसुद्धा नाही.

कायदा कधीचाच आहे. वडिलांच्या वाट्यात मुलीला वारसा 1956 सालीच मिळाला. 1994 साली महाराष्ट्रानं वडिलोपार्जित मिळकतीतही जन्मतः हक्क दिला, पण आधी लग्न झालेल्यांना वगळून. 2005 च्या केंद्राच्या दुरुस्तीत ती अट उरली नाही. ही दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी वडील हयात असलेच पाहिजेत असंही नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं 11 ऑगस्ट 2020 ला विनीता शर्मा खटल्यात सांगितलं. इतकं सगळं एका सहीत जातं.

"लग्नात दिलं की तिला," असं काका म्हणतात. दिलं ते सासरी गेलं, तिच्या नावावर त्यातलं काय आहे? हुंडा 1961 पासून गुन्हा आहे, आणि तोच दाखवून आपण तिचा हिस्सा कापतो. दुसरं म्हणणं तुकड्यांचं, बहिणीला वाटा दिला की रानाचे तुकडे होतात. दोन भाऊ वाटणी मागतात तेव्हा रान लहान आहे म्हणून एकाला कुणी सोडपत्र करायला लावत नाही. आणि सातबाऱ्यावर नाव राहिलं म्हणून लगेच बांध घालावा लागत नाही, उत्पन्नाचा वाटाही देता येतो. माहेर तुटेल ही भीती मात्र फक्त बहिणीलाच घातली जाते.

वारस नोंदीत मी आई आणि बहिणीचं नाव माझ्यासोबत दिलंय. काका बोलत नाहीत. बहिणीला सांगितलं तर ती आधी घाबरलीच, "वहिनी काय म्हणेल?" म्हणाली. यंदाच्या सोयाबीनचा हिशोब मी वहीत लिहितोय, तिचा रकाना वेगळा.