दारुडा नंबर दोन कसे व्हाल?

सर्वप्रथम, गावच्या उत्सवात गाजवलेला संभाजी विसरा. देवळापुढच्या मंडपात रात्री दोन वाजता तुमच्या स्वगतावर अख्ख्या वाड्याने डोळे पुसले असतील, कला अकादमीच्या नाट्यस्पर्धेतलं अभिनयाचं प्रशस्तिपत्र काचेत घालून तुम्ही हॉलमध्ये टांगलं असेल, पण गोव्यात शूटिंगला येणाऱ्या हिंदी चित्रपटात ते चालत नाही. उलट नडतं. खणखणीत आवाज, चोख पाठांतर आणि ‘या माणसाच्या मनात आत्ता काय चाललंय?’ असले प्रश्न घरीच ठेवून निघा.

तुम्ही कोण व्हायचं ते मुंबईत आधीच ठरलेलं असतं. तिथून आलेल्या कॅमेऱ्याला गोव्यात चारच माणसं दिसतात: दारुडा, मासेमार, पाद्री आणि लाचखाऊ हवालदार. २०११च्या जनगणनेत राज्यात हिंदू ६६ टक्के आणि ख्रिस्ती २५ टक्के निघाले. पण जनगणनावाले काही पिक्चर काढत नाहीत. तेव्हा आडनाव कामत असो की गावकर, गळ्यात क्रॉस घाला आणि प्रत्येक वाक्याला ‘मॅन’ जोडा. तुमच्या शेजारचा खराखुरा पेद्रू बँकेतून मॅनेजर म्हणून निवृत्त झालाय, इस्त्रीचा शर्ट घातल्याशिवाय फाटकाबाहेर पडत नाही आणि जन्मात कोणाला ‘मॅन’ म्हणालेला नाही, हे दिग्दर्शकाला सांगायला जाऊ नका. एकाने सांगितलं. दुसऱ्या दिवशी त्याचं काम माडाला मिळालं.

आता प्रत्यक्ष काम. पणजीतल्या फोंतेन्यासच्या गल्लीतून हिरोची मोटरसायकल सुसाट जाते, मागून खलनायकाची माणसं येतात, विचारतात, ‘इधर से कोई गया?’ आणि तुम्ही झिंगत हात वर करून दाखवता. झालं. यासाठी कॉल टाइम पहाटे पाचचा, शॉट दुपारी चारला. मधल्या वेळात प्लास्टिकची एक खुर्ची मिळते, तीही हिरोचा बॉडीगार्ड उठला तर. सावली सरकेल तशी ती सरकवत न्यायची. आदल्या रात्री जागून तुम्ही या माणसाचा पूर्वेतिहास रचलेला असतो: बायको गेलेली, पोरगा बोटीवर, माडांच्या भाटातली जमीन कोर्टात. शॉटच्या आधी पोरगेलासा असिस्टंट येऊन म्हणतो, ‘अंकल, हात लेफ्टला दाखवा, राइटला जनरेटर आहे.’ पूर्वेतिहास तिथेच सोडा. तसंही फोकस मोटरसायकलवर असतो.

आदर्श हवे असतील तर आहेत. जगदीश राज यांनी १४४ चित्रपटांत पोलीस अधिकारीच रंगवला, गिनीज बुकात नोंद झाली. खऱ्या इन्स्पेक्टरला एवढ्या नोकरीत निदान एखादी बढती तरी मिळते. ‘शोले’तला मॅकमोहन खडकावर बसून ‘पूरे पचास हजार’ एवढंच बोलला आणि जन्मभर सांबा राहिला. तीन शब्दांत अमर होणं सोपं नाही हो, पण तुम्हाला तीन शब्द देणार कोण? पुरस्कारांची आशा तर सोडाच. ऑस्करने सहायक कलाकारांना १९३७ साली पहिल्यांदा गौरवलं, पण १९४३ पर्यंत हातात पूर्ण बाहुली न देता छोटी बाहुली लावलेली पाटी ठेवली. मान द्यावा, पण बेताने, हे शहाणपण फक्त आपल्याकडचंच नाही.

इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, मात्र चुकवू नका. २००४पासून ती पणजीत आहे, म्हणजे तुमच्या दारातच. रेड कार्पेटच्या कडेने बॅरिकेड लावलेलं असतं, त्याच्या अलीकडची सगळी जागा आपली. तिथून हिरोला हाक मारून बघा. तो हात हलवेल. सगळ्यांनाच हलवतो.

पैशांचं विचारताय? तुम्ही स्थानिक कलाकार. म्हणजे विमान नाही, हॉटेल नाही, आणि युनिटचं जेवण संपलं तर ‘आपका घर तो यहीं है ना?’ मानधन नव्वद दिवसांत. हे नव्वद दिवस कधीपासून मोजायचे ते कोऑर्डिनेटर फोन उचलेल तेव्हा विचारा.

गावात मात्र तुमचा भाव वाढेल. उत्सवात नाटकाआधी स्टेजवर बोलावून शाल-नारळ देतील, ‘सिनेमातले नट’ म्हणून पुढच्या रांगेत बसवतील. संभाजी तुमचा पुतण्या करील. तालमीला तुम्ही कुठे होता, बाबा?

पिक्चर शेवटी ओटीटीवर येईल. आईला बजावून ठेवा, रिमोट हातात धर, कारण नावांची यादी सुरू झाली रे झाली की कोपऱ्यात ‘पुढचा चित्रपट पाच सेकंदांत’ असा चौकोन उगवतो. तुमचं नाव ड्रायव्हर आणि केटरिंगवाले यांच्या जरा वर असेल, स्पेलिंग चुकलेलं. समोर भूमिका: दारुडा २.

दारुडा १ मुंबईहून आला होता. त्याला हॉटेल होतं.