पहिला, तिसरा आणि सातवा तास

परवा माझी एक जुनी मैत्रीण पेढे घेऊन आली. "जूनी पेन्शन मळी गई!" दारातूनच ओरडली. २००२ साली ती गुजरातच्या सरकारी शाळेत विद्यासहायक, म्हणजे फिक्स पगारावरची शिक्षिका, म्हणून लागली, महिना २,५००. पाच वर्षांनी कायम झाली तेव्हा सरकार म्हणालं, तुम्ही १ एप्रिल २००५ नंतरच्या, तुम्हाला नवी पेन्शन, वर्गणीतून जमेल तेवढी. म्हणजे आधीची पाच वर्षं ती वर्गात नव्हतीच जणू! शेवटी ऑक्टोबर २०२४ मध्ये गुजरातच्या मंत्रिमंडळानं ठरवलं, त्या तारखेआधी फिक्स पगारावर रुजू झालेल्यांना जुनी पेन्शन द्यायची. साठ हजारांवर लोक त्यात आले. हिचे कागद आत्ता कुठे मार्गी लागले.

पेढा गोड होता. पण खोटं कशाला बोलू, पोटातही दुखलं.

मी खाजगी शाळेतली. शाळेचं नाव सांगत नाही, बडोद्यात जुने लोक ओळखतीलच. २००० ते २००८ अर्धवेळ, मग २०१७ मध्ये अठ्ठावन्न पूर्ण होईपर्यंत पूर्णवेळ. अर्धवेळ म्हणजे रोज तीन तास: पहिला, तिसरा आणि सातवा. मधल्या वेळात दांडिया बाजारला घरी जाऊन परत यायचं म्हटलं तर रिक्षाला पैसे कोण देणार? म्हणून स्टाफरूममध्येच बसायचं. आणि रिकामी बसलेली बाई दिसली की सुपरवायझर तिला गैरहजर शिक्षिकेच्या वर्गावर धाडणारच. चाचणीचे पेपर पूर्णवेळवालीएवढेच, गॅदरिंगची नाटकं तर सगळी माझ्याच गळ्यात. फक्त सही मस्टरवर नाही. आम्हा अर्धवेळवाल्यांसाठी एक दोनशेपानी वही होती, पट्टीनं रेघा मारलेली. पगार १,८०० रुपये, व्हाउचरवर.

त्या आठ वर्षांत माझा पी.एफ. कापला नाही. "बेन, तुम्ही पार्टटाइम, तुम्हाला लागू नाही," असं क्लार्कनं सांगितलं आणि मी मान डोलावली. पदवीधर बाई, पण कायदा उघडून पाहिला नाही, ही चूक माझी.

पी.एफ.च्या पेन्शनला, म्हणजे १९९५ च्या योजनेला, दहा वर्षं लागतात. सहा महिने किंवा जास्त असलेला तुकडा पूर्ण वर्ष धरतात, म्हणजे साडेनऊलाही भागतं. माझी पूर्णवेळची भरली नऊ वर्षं एक महिना. पाच महिन्यांनी हुकलं! पेन्शन नाही, हातात एकरकमी थोडे पैसे.

खरी गंमत पुढे आहे. या योजनेत तास मोजतच नाहीत. पगारावरची वर्गणी भरली गेली की तो महिना भरला, मग तीन तास शिकवा नाहीतर आठ. पगार कमी तर वर्गणी कमी, एवढंच. कायद्यात कर्मचारी म्हणजे मजुरीवर ठेवलेला माणूस. अर्धा कर्मचारी असा प्रकारच नाही. माझी सतरा वर्षं धरली असती तर महिन्याला किती आले असते? हिशेब केला, अठराशेच्या आसपास. हसू नका. आमच्या घराचं लाइटबिल आणि माझ्या बीपीच्या गोळ्या त्यात बसतात.

सरकारी पेन्शन आणि माझी पी.एफ.ची पेन्शन वेगळी, हे मला कळतं. पण दोन्हीकडे खोड एकच: माणूस कामाला लागला ती तारीख सोडायची आणि आपण त्याला कायम म्हटलं ती तारीख धरायची. ग्रॅच्युइटीतही, म्हणजे नोकरी सुटताना मिळणाऱ्या एकरकमी पैशांतही, माझी नऊच वर्षं धरली. शिक्षकांना ग्रॅच्युइटी ३ एप्रिल १९९७ पासून लागू आहे, २००९ च्या दुरुस्तीनं. सर्वोच्च न्यायालयानं २०२२ मध्ये ती कायम ठेवली. माझ्या शेवटच्या १२,००० पगारावर त्या सोडलेल्या आठ वर्षांचे पंचावन्न हजार होतात. ट्रस्टचे एक गृहस्थ मला म्हणाले, "ताई, जे दिलं ते प्रेमानं दिलं." प्रेमानं लाडू देतात हो. पेन्शन ही खिरापत नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयानं नकारा खटल्यात १९८२ सालीच सांगून झालंय.

आमच्या खालच्या मजल्यावरची मुलगी एका शाळेत अर्धवेळ चित्रकला शिकवते. तिला विचारलं, पी.एफ. कापतात का? "नाही मावशी, वीस माणसं असली तरच लागू म्हणे, आमच्याकडे चौदाच आहेत." मी म्हटलं, मोजून ये. काल रात्री तिचा मेसेज आला: "शिपाईकाका आणि आयाबाई धरून सतरा. मावशी, आम्ही पार्टटाइमवाल्या पाच जणी धरायच्या का?"